ताट राहू दे

सोमवारी सकाळी साडेनऊच्या सुमारास रोमच्या नोंदणी कचेरीच्या मोठ्या दालनात माझ्या पुढच्या बाईनं भाजीची पिशवी तिच्या आणि माझ्या मधे फरशीवर ठेवली आणि कुणी काही बोलायच्या आत वळून म्हणाली, "माझ्या नणंदेची जागा आहे. ताट राहू दे तिचं. उशीरच करते ती." माझ्या मागे टोपी हातात धरून एक गृहस्थ उभे होते. त्यांनी विचारलं, "पिशव्यांना कधीपासून नंबर मिळायला लागले?" "आत तीन कोबी आहेत," बाई म्हणाली, "तुमच्यापेक्षा जागा कमी घेतात आणि बोलतात तर त्याहून कमी." आमची आणि शेजारची, दोन्ही रांगा हसल्या. खिडकीतला कारकूनसुद्धा शिक्का हवेत धरून हसला. मी हसले नाही. अंधारात एक पायरी जास्त आहे असं समजून पाऊल टाकावं तसं झालं. ते वाक्य माझं होतं. मी आठ वर्षांची असताना, तेस्ताच्चो भागातल्या आमच्या स्वयंपाकघरात, आईला पुरून आल्यावर तासाभरानं मी ते बोलले होते. आणि ह्या बाईचा नि माझा काहीएक संबंध नव्हता.

मी तिथे बाबांच्या मृत्यूचा दाखला घ्यायला आले होते. ते जूनमध्ये गेले, आता ऑक्टोबर चाललाय. गॅसच्या जोडणीवरचं नाव बदलायला दाखला लागतो, आणि चार महिने मी गॅसवाल्यांना उद्या देते, परवा देते असं सांगत आले. तोरिनोतल्या शाळेतून वर्षभराची रजा घेऊन मी बाबांच्या घरात राहतेय. त्यांच्या कपात कॉफी पिते, त्यांच्या खुर्चीत त्यांचीच पुस्तकं वाचते, आणि अजून त्यांच्या वह्यांच्या कपाटाला हात लावलेला नाही. पर्समध्ये अर्जाशेजारी एक पाकीट होतं, तिकीट लावलेलं, वाटेत पेटीत टाकायचं. ते नुन्त्सियाला होतं. ही क्वार्तिच्चोलो वसाहतीतली बाई, रहिवासी मंडळाची चिटणीस. येत्या रविवारी वसाहतीच्या चौकात पडदा बांधून ते बाबांचा 'अकरा नंबरची खिडकी' हा सिनेमा दाखवणार आहेत, आणि तिनं मला लिहिलं होतं: "तिल्लाबाई, तुमचे वडील माझ्या वडलांच्या मागे रांगेत उभे राहिले होते. तुम्ही यायचं आणि दोन शब्द बोलायचे. नाही म्हणायची सोय नाही, खुर्ची आणून ठेवलीय." मी चार ओळींत नकार लिहिला होता. तब्येतीचं कारण दिलं होतं. खरं कारण, तो सिनेमा मी एकदाच पाहिला, अकरा वर्षांची असताना, आणि तोही अर्धा.

बाबा पटकथा लिहायचे. गास्पारे मेनकुच्ची हे नाव पडद्यावर नेहमी तिसरं किंवा चौथं यायचं, पोशाख करणाऱ्यांच्या जरासं वर. पण त्यांचं खरं काम टेबलापाशी चालायचं नाही, रांगेत चालायचं. दर गुरुवारी ते हातात कसला तरी कागद घेऊन ह्याच दालनात यायचे, दारातच गळा साफ करून विचारायचे, "शेवटचं कोण?" आणि जो "मी" म्हणेल त्याच्या मागे उभे राहायचे. लोक विचारतात ना कसं काय, बरं आहे ना, तशा आपुलकीनं ते 'शेवटचं कोण' विचारत. मग रांग सरकत जायची, माणसं बोलत जायची, आणि खिडकी दोन माणसांवर आली की बाबा खिशावर हात मारायचे. "अरेच्चा! फोटो राहिला!" असं म्हणून रांगेतून बाहेर, आणि दालनाला एक फेरी मारून पुन्हा शेपटाला. एका सकाळी ते पाच-पाच वेळा फोटो विसरायचे. शाळेला सुट्टी असली की मी बरोबर असे. मला लुपिनच्या, वालासारख्या चपट्या खारवलेल्या दाण्यांची पुडी मिळायची आणि एक सूचना: "सालं खिशात टाकायची, आणि मला बाबा म्हणून हाक मारायची नाही. मी इथे कुणाचाच कुणी नाही." रांगेत उभं राहून ते कधीही लिहीत नसत. पेन दिसलं की माणसं भाषण करायला लागतात, असं त्यांचं म्हणणं. ऐकलेलं तोंडातल्या तोंडात घोळवत ते बाहेर यायचे, आणि कचेरीच्या तिसऱ्या पायरीवर बसून भराभर वहीत उतरवायचे. पहिली पायरी ओली असते आणि दुसरीवर भिकारी बसतो म्हणून तिसरी.

त्या वर्षांत ही रांग काही साधी नव्हती. गावाकडून आलेल्या माणसाला रोममध्ये राहायचा दाखला हवा तर आधी नोकरी दाखवा, आणि नोकरी हवी तर आधी दाखला दाखवा, असा कायदा होता. हजारो माणसं शहरात राहत होती आणि कागदावर कुठेच राहत नव्हती. नुन्त्सियाचे वडील सावेरिओ गवंडी होते. त्यांनी ह्या शहरात चार मजली इमारती उभ्या केल्या आणि त्यांतल्या एकाही जिन्यावर त्यांचं नाव लागू शकत नव्हतं. अकरा नंबरच्या खिडकीवर ते एकतीस वेळा आले. बत्तिसाव्या वेळी बाबांनी फोटो विसरायचं सोडून त्यांना विचारलं, "दादा, कंटाळा येत नाही?" सावेरिओ म्हणाले, "छे हो. इथे निदान मला कुणीतरी 'पुढचा!' म्हणतं." बाबा त्या दिवशी तिसऱ्या पायरीपर्यंतही थांबले नाहीत, पहिल्याच ओल्या पायरीवर बसले.

मग लिहिणं सुरू झालं, म्हणजे आमच्या स्वयंपाकघरात दंगल सुरू झाली. तीन-चार लेखक टेबलाभोवती गोल गोल फिरायचे, सगळे एकदम बोलायचे, आणि सिनेमातल्या प्रत्येक माणसाची बाजू कुणीतरी घ्यायचाच. उगो नावाचा बाबांचा मित्र नेहमी कारकुनाची घ्यायचा. "त्यालाही बायको आहे!" तो ओरडायचा. "त्याच्या बायकोला आणलंस तर मी जातो," बाबा ओरडायचे. "जा ना, घर तुझंच आहे!" चुलीवर चण्यांचं कढण उतू जायचं. आई गेल्यावर आमच्याकडे राहायला आलेली बीचे आत्या ओगराळं घेऊन त्यांच्यामागे त्याच दिशेनं गोल फिरायची आणि सापडेल त्याचा बाऊल भरायची. मी टेबलाखाली असे. तिथून मला फक्त बूट दिसायचे, आणि बुटांवरून कळायचं कोण हरतोय. हरणारा आधी टाच वाजवतो.

पण निकाल टेबलापाशी लागत नसे. तो तळमजल्यावर लागे, सोरा इल्देच्या खोलीत. इल्दे आमच्या इमारतीची दारवान; सोरा म्हणजे बाई. अंगानं रुंद, आवाजानं त्याहून रुंद. लिहिलेला प्रत्येक प्रसंग बाबा खाली जाऊन तिला वाचून दाखवत. ती मांडीवर परात घेऊन शेंगा सोलत ऐकायची. तोंडानं ती काय म्हणते ह्याला बाबांच्या लेखी किंमत नव्हती. "छान आहे, मेनकुच्ची, मस्त आहे," असं ती सगळ्यालाच म्हणायची, कारण तिला बाबा आवडायचे. बाबा तिच्या हातांकडे बघायचे. हात चालूच राहिले तर प्रसंग गेला. हात थांबले तर प्रसंग राहिला. एकदा निर्मात्याला शेवट गोड हवा होता, खिडकीतून दाखला मिळतो आणि बँड वाजतो असा. बाबांनी तोही लिहिला, खाली जाऊन वाचला, आणि इल्देनं एवढ्या वेळात दीड परात शेंगा सोलल्या. बाबांनी त्या शेंगा कागदात बांधून निर्मात्याच्या टेबलावर ठेवल्या. "हे काय?" निर्माता म्हणाला. "तुमचा शेवट," बाबा म्हणाले. "उकडून खा." शेवट बदलला नाही. सरकारी तपासनिसानं मात्र एक बदल करायला लावला. सिनेमात दालनातलं घड्याळ बंद होतं. बंद घड्याळ दाखवणं म्हणजे सरकारचा अपमान, ते चालूच पाहिजे, असा लेखी हुकूम आला. मग त्यांनी घड्याळ चालू केलं आणि काटे उलटे फिरवले. तपासनिसाला ते कळलंच नाही.

मी मान वर करून पाहिलं. अकराव्या खिडकीवर तेच घड्याळ होतं की दुसरं, कुणास ठाऊक. त्यात सव्वाचार वाजले होते.

आता त्या दुपारबद्दल. माझी आई, एल्दा, आयुष्यात कधी कुठे वेळेवर गेली नाही. लग्नाला चर्चमध्ये ती चाळीस मिनिटं उशिरा पोचली, का तर वाटेत बुटाची टाच तुटली आणि चांभार गप्पिष्ट निघाला. मी स्वतः पंधरा दिवस उशिरा जन्मले. जेवणाला आम्ही बसायचो, तिचं ताट मांडलेलं असायचं, आणि ती कढण निवल्यावर जिन्यातूनच बोलत बोलत वर यायची. "या या, महाराणी," बाबा म्हणायचे. "राजाला भूक लागली होती का?" ती म्हणायची. मरण तेवढं ती लवकर आटपून गेली, तेहेतिसाव्या वर्षी, तीन दिवसांच्या तापानं. दफनाहून परतल्यावर आत्यानं टेबल मांडलं, चुकून चार ताटं ठेवली, मग दचकून एक उचलायला गेली. मी म्हणाले, "आईचं ताट राहू दे. उशीरच करते ती." त्यात रडणं नव्हतं. ती माहिती होती, आत्याला नवीन म्हणून मी दिली. आत्यानं छातीवर क्रूस काढला. आणि बाबा हसले. खुर्ची मागे गेली, टेबलावर हात आपटला, आणि ते इतके हसले की शेवटी शेवटी ते काय करतायत हे कळेना. ताट राहिलं. कितीतरी महिने राहिलं.

तीन वर्षांनी चित्रपटगृहात ते ताट पडद्यावर आलं. झोपडीतल्या पत्र्याच्या टेबलावर. बाप दाखल्याच्या रांगेत गेलेला, शेजारीण ताट उचलते, आणि गवंड्याची मुलगी म्हणते, "बाबांचं ताट राहू दे. उशीरच करतात ते." ती मुलगी त्रास्तेवेरेतल्या एका नळदुरुस्तीवाल्याची होती, कपाळावर केस कापलेली. वाक्याच्या आधीच तिच्या डोळ्यांत पाणी. सगळं चित्रपटगृह एकदम हसलं आणि त्या हसण्याच्या मागोमाग शेकडो नाकं एकदम वाजली. मी उठून बाहेर गेले आणि भिंतीपाशी लुपिनचे दाणे ओकले. वीस वर्षांची झाल्यावर, तोरिनोला निघायच्या आदल्या दुपारी, मी बाबांना म्हणाले, "दुसऱ्यांची दुःखं पुरेनात म्हणून घरातलं काढून विकलंत." ते संत्रं सोलत होते. सोलतच राहिले. साल अखंड निघाली, ती त्यांनी माझ्या ताटात ठेवली, आणि "हो" म्हणाले. बस, तेवढंच. मला भांडण हवं होतं, टाच वाजवणारा बूट हवा होता. त्या 'हो'वर मी वीस वर्षं रागावून राहिले, अतिशय सभ्यपणे. दर रविवारी फोन, नाताळला चार दिवस. त्यांना काम मिळेनासं झालं, दूरदर्शनवाल्यांना दक्षिणेकडच्या माणसांवर विनोद हवे होते आणि ते बाबा लिहीत नव्हते, मग ते ट्रामच्या कामगारांना संध्याकाळच्या वर्गात लिहाय-वाचायला शिकवायला लागले. हे सगळं मी फोनवर ऐकलं, एखाद्या चांगल्या परक्याबद्दल ऐकावं तसं. उगो मधे एकदा म्हणाला होता, "पोरी, तुझं ते वाक्य आता बाजारात मासेवाले म्हणतात." मला वाटलं म्हातारा गोड बोलतोय.

रांग सरकली. कोबीवाल्या बाईनं पिशवी पायानं पुढे ढकलली आणि पिशवीला म्हणाली, "चला वन्सं." ह्या खेपेला मीही हसले, आणि हसता हसता मला कळलं की ह्या बाईनं ते वाक्य बरोबर म्हटलं होतं. वाणसामानाची यादी वाचावी तसं, जाता जाता, माहिती म्हणून. त्या केस कापलेल्या पोरीनं ते चुकीचं म्हटलं होतं. रडत! कोण रडत होतं? आई उशीर करते ह्यात रडण्यासारखं काय होतं? चाळीस ओलांडलेली, साहित्य शिकवणारी बाई मी, आणि सरकारी कचेरीत उभ्या उभ्या मला एका नळदुरुस्तीवाल्याच्या पोरीचा इतका राग आला की कानशिलं तापली. मग तो राग कसला आहे हे ध्यानात आलं, आणि त्याच्या मागून, दार उघडं राहिलं म्हणून झुळूक यावी तशी, इल्देची खोली आली. ती मला आठवत नव्हती असं नाही. परात, शेंगा, थांबलेले हात, सगळं आठवत होतं. हात कशावर थांबले तेवढं मी कुठेतरी ठेवून विसरले होते.

मी दहा वर्षांची. उलट्या ठेवलेल्या बादलीवर बसलेय. बाबा वाचतायत: झोपडी, पत्र्याचं टेबल, शेजारीण ताट उचलते. आणि बाबा थांबतात. चष्मा काढतात, पुसतात, घालतात, पुन्हा काढतात. इल्दे शेंगा सोलतेय. "काय झालं, मेनकुच्ची? स्वतःचं अक्षर लागत नाही होय?" बाबा कागद डोळ्यांजवळ नेतात. पुढे काय लिहिलंय हे मला माहीत नाही, पण ताट आहे म्हटल्यावर पुढे काय यायचं हे मला माहीत नाही तर कुणाला? मी बादलीवरून म्हणते, "ताट राहू दे. उशीरच करते ती." इल्देचे हात थांबले. एक शेंग अर्धी उघडलेली तशीच राहिली. बाबांनी माझ्याकडे पाहिलं, मोठ्या माणसाकडे बघतात तसं, आणि विचारलं, "ठेवू?" आणि मी, आनंदानं फुगून, म्हणाले, "ठेवा." मग लगेच, "सिनेमात मीच म्हणणार ना?" बाबा म्हणाले, "बघू."

बघू! मोठ्यांचं ते बघू. म्हणजे माझं काही चोरलं नव्हतं. मी दिलं होतं, आणि मला भूमिका मिळाली नव्हती. दिव्यांच्या झोतात दहा दहा वेळा मला ते म्हणायला लावणं बाबांना जमलं नसतं, एवढं आता ह्या वयात मला कळतं. पण संत्रं सोलताना त्यांना बोलता आलं असतं. "तूच ठेवा म्हणालीस," एवढं एकच वाक्य, आणि मी गप्प झाले असते. संवाद लिहिणारा माणूस, तयार वाक्य हाताशी असलेला. ते त्यांनी वापरलं नाही. 'हो' म्हणाले, आणि साल माझ्या ताटात ठेवली.

"आले, आले, आले!" दालनाच्या दारातून एक किडकिडीत बाई धापा टाकत, एका हाताची बाही अजून न घातलेली अशी पळत आली. "बसच नव्हती!" "बस नव्हती का तू नव्हतीस?" कोबीवाली म्हणाली. "मी होते, पण माझे बूट नव्हते." "आणि ते कुठे होते?" "चांभाराकडे. काय बोलतो गं तो माणूस!" टोपीवाल्या गृहस्थांनी टोपी घातली आणि पुन्हा काढून तिला वाकून नमस्कार केला. कोबी उचलले गेले, नणंद जागेवर उभी राहिली. मला तिच्या खांद्यावर हात ठेवावासा वाटला. ठेवला नाही. तिची बाही तेवढी नीट केली. "बाई गं, थँक्यू," ती म्हणाली. "कुठून कुठवर लोंबत होती काय माहीत."

त्या दोघी कागद घेऊन भांडत भांडत गेल्या. "पुढचा!" कारकून म्हणाला. मी खिडकीशी गेले, अर्ज पुढे करायला हात उचलला, आणि तो हात माझ्या खिशावर आपटला. "अरेच्चा," मी म्हणाले, "फोटो राहिला."

कारकुनानं चष्म्यावरून पाहिलं. "मृत्यूच्या दाखल्याला फोटो लागत नाही, बाई."

"तरी राहिलाय."

"बाराला खिडकी बंद होते. मग आज नाही मिळायचा."

"चालेल," मी म्हणाले. "उद्या येईन. परवाही येईन." टोपीवाले गृहस्थ लगबगीनं माझ्या जागी सरकले, माझा विचार बदलायच्या आत. मी दालनाला एक फेरी मारली, खांबांच्या पलीकडून, बाबा मारायचे तशी, आणि शेपटाशी येऊन, गळा साफ करून विचारलं, "शेवटचं कोण?" बाळाला कडेवर घेतलेल्या एका बाईनं मान न वळवता बोट वर केलं. मी तिच्या मागे उभी राहिले. चार महिन्यांत प्रथमच मला कुठे जायची घाई नव्हती आणि कुठे न जायचीही.

थोड्या वेळानं एक म्हातारे गृहस्थ आले, काखेत घडी घातलेलं वर्तमानपत्र. "शेवटचं कोण?"

"मी," मी म्हणाले. आणि मग, का कोण जाणे, "पण माझ्यामागे माझे वडील आहेत."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. माझे पांढरे केस, काळा कोट, हातातला अर्ज, त्यावरचं ठळक अक्षरांतलं शीर्षक. ह्या बाईच्या वडलांचं वय काय असेल ह्याचा हिशेब त्यांच्या भुवयांवर दिसला. मग ते एक पाऊल मागे सरकले. माझ्या आणि त्यांच्या मधे फरशीचे दोन चौकोन मोकळे राहिले, एक माणूस आरामात उभा राहील एवढे.

"राहू दे की त्यांचं ताट," ते म्हणाले. "घाई कुणाला आहे? घड्याळ तर बंद आहे." आणि त्यांनी वर्तमानपत्र उघडलं.

पर्समध्ये पेन होतं. मी काढलं नाही. ते शब्द तोंडातल्या तोंडात घोळवत, एकही गळू न देता, मी दालनातून बाहेर आले, पहिली पायरी ओली होती, दुसरीवर एक पर्यटक नकाशा उलटा धरून बसला होता, आणि तिसरीवर बसून मी नुन्त्सियाचं पाकीट फोडलं. नकाराच्या चार ओळींची मागची बाजू कोरी होती. तिथे मी म्हाताऱ्याचं वाक्य उतरवलं, मग कोबीवालीचं, मग नणंदेचं. अक्षर बाबांसारखं येत होतं, घाईतलं, उजवीकडे पडणारं. रविवारी काय बोलायचं ते अजून ठरलं नाही. रडत बोलायचं नाही, एवढं ठरलं.